फ्लॉपीचं गाव कोणतं?

मेजर खरं तर मेजर नव्हते. फौजेच्या सिग्नल विभागातून हवालदार म्हणून निवृत्त झालेले. पण साताऱ्यात फौजेतून परतलेल्या माणसाला सरसकट मेजर म्हणायची रीत आहे, आणि ती त्यांनी निमूटपणे सोसली होती. एकदा एका नव्या विद्यार्थ्याच्या वडिलांनी आदराने 'मेजरसाहेब' म्हटलं, तेव्हा मात्र ते म्हणाले, "साहेब न्हाई, नुसता मेजर. खोटं बोलायचं तर निम्मंच बोलावं."

पोवई नाक्याच्या अलीकडे, एका पिठाच्या गिरणीवर त्यांचा कंप्युटर क्लास होता. लोक कंप्युटरच्या खोलीला काचा बसवून आत गारवा सोडायचे, त्या काळात ह्या माणसाने गिरणीवरची खोली घेतली, कारण काय तर तिथल्या खिडकीतून जिना दिसतो आणि कोण वर येतंय ते आधी कळतं. दर तासाला एकाने उठून मशीनवरचं पीठ मऊ ब्रशने झाडायचं, अशी ड्यूटी फळ्यावर लिहिलेली असे. मी बहिणीकडे राहून त्यांच्याकडे वर्षभर शिकलो, त्यातले निदान दोन महिने झाडण्यात गेले असतील.

चपला बाहेर काढायची पद्धत तेव्हा सगळ्याच क्लासांत होती. मेजरांकडे चपलांबरोबर फ्लॉपीही बाहेरच ठेवावी लागे. दाराशी स्टुलावर स्टीलचा डबा असे, त्यात फ्लॉपी टाकायची आणि त्यांच्यासमोर उभं राहायचं. मग चौकशी सुरू.

"कुठनं आली?"

"मित्राकडनं."

"मित्राकडं कुठनं आली?"

"त्याच्या कॉलेजातनं."

"कॉलेजात कुणी आणली?"

इथे बहुतेकांची गाडी अडायची. ती अडली की मेजर वहीत त्या फ्लॉपीपुढे 'बेवारस' लिहीत. त्यांचं म्हणणं साधं होतं. बहिणीला स्थळ आलं तर आपण काय बघतो? गाव कुठलं, घर कसलं, पाव्हणे कोण, मधला माणूस किती खरा. पोरगा देखणा आहे म्हणून कुणी त्याच दिवशी अक्षता टाकत नाही. "आन् मशिनीत मातूर कुनीबी उठून कायबी घालतंय. तिला काय आईबाप न्हाईत व्हय?"

बेवारस ठरलेली फ्लॉपी कोपऱ्यातल्या वेगळ्या टेबलावर जायची. तिथे एक जुनं, कुठल्याच मशीनला न जोडलेलं मशीन होतं. त्याचं नाव पहारेकरी. नवी फ्लॉपी आधी पहारेकऱ्याच्या तोंडात. ती आत सरकवताना मेजर न चुकता पुटपुटत, "थम. कौन आता है?" आम्ही मागे तोंड दाबून हसायचो. ते त्यांना माहीत होतं, आणि त्यांनी कधी मनावर घेतलं नाही.

पहारेकऱ्यावर फ्लॉपी चालवून बघणं एवढ्यावर त्यांचं समाधान होत नसे. ते त्याच्या घड्याळातली तारीख पुढे ढकलायचे. उद्याची तारीख घालायची, मशीन बंद करून परत चालू करायचं. मग परवाची. मग तेरवाची. असं करत पूर्ण वर्ष फिरवायचं. काही व्हायरस ठरावीक तारखेची वाट बघत गप पडून असतात, हे त्यांनी कुठेतरी वाचलं होतं आणि ते त्यांच्या स्वभावाला इतकं पटलं होतं की ते वाचलं नसतं तरी त्यांनी हेच केलं असतं. एका फ्लॉपीला तीन-चार दिवस लागत. तिकडे कुणाला घाई असली तर ते म्हणत, "पाव्हना पैल्या दिवशी ग्वाडच बोलतोय. मुक्कामाला ठिवून बघायचा."

ह्या मुक्कामाच्या पायी त्यांच्या सख्ख्या पुतणीच्या लग्नाची पत्रिका रखडली होती. भावाने मजकूर पुण्याहून फ्लॉपीवर करून आणला होता आणि मेजरांच्या मशीनवरून तो छापायचा होता. मेजरांनी सख्ख्या भावालाही दाराशी उभं करून विचारलं, कुठनं आली? भाऊ चिडून बोलला, ती चूक झाली. फ्लॉपी चार दिवस पहारेकऱ्याकडे राहिली, आणि पत्रिका वाटल्या गेल्या त्या हळदीच्या दिवशी. फ्लॉपीत काहीही नव्हतं. भावजयीने पुढे वर्षभर त्यांना चहा विचारला नाही. मेजर म्हणाले, चहा मिळाला नाही पण झोप लागली.

दसऱ्याला सगळे क्लासवाले मशीनना हळदकुंकू वाहायचे, झेंडूचा हार घालायचे. मेजर हार फक्त पहारेकऱ्याला घालत. बाकीची मशिनं काम करतात, हा लढतो, असा त्यांचा हिशोब.

इंटरनेट त्यांनी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी सोबत होतो. नाक्यावर नवीनच दुकान निघालं होतं. मेजर खुर्चीवर हात मागे बांधून बसले, जणू पुढे केले तर कुणी धरील. दुकानदाराने हौसेने एक चित्र उघडून दाखवलं. ते वरून खाली ओळीओळीने उतरायला पाच मिनिटं लागली. मेजरांनी विचारलं, "हे येतंय कुठनं?"

"अमेरिकेतनं, मेजर."

"अमेरिकेत कुनाच्या घरातनं?"

दुकानदार हसला. मेजर हसले नाहीत. दुकानाचा जिना उतरताना मला म्हणाले, "त्येला बी ठावं न्हाई, बग."

वर्ष संपलं आणि मला माधवनगरला एका विणकाम कारखान्यात नोकरी लागली. कारखाना छोटा, मालक भला. साड्यांच्या काठांचे नमुने कंप्युटरवर उतरवायचे, मग तो कंप्युटर मागाला लागणारी भोकांची पुठ्ठ्याची पानं पाडणारं यंत्र चालवायचा. हे सगळं एका जुन्या मशीनवर, विंडोजच्या आधीच्या डॉस सिस्टिमवर चालायचं. नव्या विंडोजवर तो नमुन्यांचा प्रोग्रॅम उघडतही नसे.

नमुने सांगायचे ते आमचे मास्तर. चाळीस वर्षं ह्या धंद्यात गेलेले मुसलमान कारागीर, कारखान्यामागच्याच खोलीत राहायचे. काचबिंदूने त्यांची नजर जवळजवळ गेली होती. कागदावर काढून ठेवलेले त्यांचे नमुने वाळवीने खाल्ले होते. उरले होते ते डोक्यात. तीन वर्षं ते माझ्या शेजारी बसून धाग्यांचा हिशोब तोंडाने सांगत होते, दोन उचल, एक सोड, तीन उचल, आणि मी पडद्यावरचे चौकोन भरत होतो. असे दोनशेवर काठ त्या एका मशीनमध्ये होते आणि जगात दुसरीकडे कुठेही नव्हते. त्यांची दुसरी प्रत काढून ठेवावी, हे मेजरांच्या हाताखाली वर्षभर पीठ झाडलेल्या मला सुचलं नव्हतं. आज हे लिहितानाही शरम वाटते.

एका सकाळी मशीन चालू केलं, तर पडद्यावर इंग्रजीत सूचना, सिस्टिमची डिस्क घाला. मी समजलो, डॉस बिघडलं. डॉसच्या मूळ फ्लॉप्या कपाटात होत्या, पण त्यांना बुरशी धरलेली. सांगलीत चार दुकानं पालथी घातली. सगळे म्हणाले, एवढं जुनं कोण ठेवतं, नवीन मशीन घ्या. शेवटी स्टँडजवळच्या एका सायबर कॅफेत गेलो. तिथला मालक म्हणाला, मिळेल की, एका साइटवर सगळं जुनं फुकट असतं. मला जरा धाकधूक वाटली. म्हणून मी, मेजरांचा शिष्य, चौकशीला लागलो. "तुमचं गाव कुठलं?"

"कडेगाव."

"कडेगावात कुठं?"

निघाला माझ्या मामाच्या शेजारचा. मामाच्या पोरीच्या लग्नात वाढायलाही होता. मला हायसं वाटलं. दोन तास बसून, तीनदा लाइन तुटून, त्या साइटवरून डॉस उतरवून फ्लॉपीवर घेतलं. त्या बाबाने चहाही पाजला.

कारखान्याच्या मालकांना सुट्टीच्या दुसऱ्या दिवशी मशीन चालू करून दाखवायचं कबूल केलं होतं. कॅफेतून आलो त्याच संध्याकाळी फ्लॉपी मशीनमध्ये घातली. मशीन चालू झालं, पण आतली डिस्क काही दिसेना. फ्लॉपीसोबत आलेल्या सूचनेत लिहिलं होतं, असं झालं तर डिस्क नव्याने आखून घ्या. म्हणजे कोरी करा. माझं बोट त्या बटनापर्यंत गेलं होतं. शेजारी मास्तर बसले होते. ते म्हणाले, "बेटा, आलं का काठ?" मी म्हटलं, उद्या येतील. आणि मशीन बंद केलं.

सकाळच्या पहिल्या एसटीने, फ्लॉपी खिशात घालून, मेजरांना विचारायला साताऱ्याला निघालो. कारखान्याची सुट्टी होती. मालकांनी सांगून ठेवलं होतं, उद्या सकाळी ते स्वतः येऊन मशीन लावून बघणार.

मेजरांनी मला पाहिलं, डब्याकडे बोट केलं. मी फ्लॉपी टाकली.

"कुठनं आली?"

मी सगळं सांगितलं. कॅफेवाला आपल्या कडेगावचा, मामाच्या शेजारचा, हे जरा जोरातच सांगितलं.

मेजरांनी चष्मा काढला. "मानूस कडेगावचा हाय. फ्लॉपी कडेगावची हाय का? तू मधल्याचं गाव इचारलंस, नवऱ्याचं इचारलंसच न्हाई." मग वहीत लिहीत त्यांनी पुढचा प्रश्न टाकला. "मशिनीत घातलीस?"

बेवारस फ्लॉपी मशीनमध्ये घातली म्हणून त्यांनी एका पोराला क्लासमधून कायमचं काढलं होतं, माझ्या डोळ्यांदेखत. मी म्हणालो, "न्हाई, मेजर."

त्यांनी माझ्याकडे एकदा नीट पाहिलं आणि लिहिलं, न्हाई.

पहारेकऱ्याने फ्लॉपी गिळली, चांगला चालू झाला. माझा जीव भांड्यात पडला. मेजरांनी उद्याची तारीख घातली, मशीन बंद केलं, चालू केलं. वर्षभराच्या तारखांची मनाशी तयारी करून मी खिडकीशी टेकलो. तेवढ्यात पहारेकऱ्याचा दिवा लागला तो विझेचना. आतून घर्रघर्र आवाज येत राहिला. पडद्यावर इंग्रजीत एक टवाळीची ओळ उमटली आणि मग पडदा काळा. मेजरांनी मशीन बंद करून परत लावलं. डिस्क कोरी झाली होती, त्यावर एक अक्षर शिल्लक नव्हतं.

एवढी वर्षं त्यांनी तारखा फिरवल्या होत्या, आणि आम्ही हसलो होतो. व्हायरस सापडला तो पहिल्याच फेरीला, उद्याच्या तारखेला. मेजर मात्र विजयी वगैरे दिसले नाहीत. ते पहारेकऱ्याच्या डोक्यावर हात ठेवून नुसते बसले.

उद्या सकाळी मालक मशीन लावणार होते. "मेजर," मी म्हणालो, "मी खोटं बोललो. काल घातली मी. कारखान्याच्या मशिनीत."

मला वाटलं, आता काढतील जिन्यावरून. ते उठले, पायांत बूट चढवले, कपाटातून मेणकापडात बांधलेली एक पुरचुंडी काढली आणि पिशवीत टाकली. "शिव्या एसटीत देतो," म्हणाले. "आदी ऊठ."

खालच्या एसटीडी बूथवरून कारखान्याला फोन लावला. नुसताच वाजत राहिला. मालकांच्या घरचा नंबर लागेना. मग स्टँड गाठला. एसटीत बसल्यावर मी शिव्यांची वाट बघत होतो. पण फौजी माणूस, गाडी सुटली तसा मान टेकून झोपला तो कराडपर्यंत. कराडला उठून दोन केळी खाल्ली, एक मला दिलं, आणि विचारलं, "त्यात हाय काय एवढं?"

मी मास्तरांची गोष्ट सांगितली. त्यांचे डोळे, वाळवी, दोन उचल एक सोड. मेजर ऐकत राहिले. इस्लामपूर गेलं, आष्टा गेलं. शेवटी म्हणाले, "मंग मला खोटं का बोललास?"

"तुम्ही काढून टाकाल म्हणून."

"व्हय. काढलंच असतं," ते म्हणाले, आणि बाहेर ऊस बघत बसले.

दुपारी दोनच्या सुमारास माधवनगरला पोचलो. माग बंद असल्याने कारखाना एकदम चिडीचूप. मास्तरांनी किल्ली आणली. मेजरांचा परिचय करून दिला. मग मास्तरांना जे सांगायचं ते सांगितलं, की मी काय घातलं, उद्या काय होणार होतं, आणि कदाचित आजच झालेलं असेल. मास्तरांनी हाताने चाचपत खुर्ची शोधली आणि बसले. "सगळे?" एवढंच विचारलं. मी हो म्हणालो. मला तिथून पळून जावंसं वाटलं.

मेजरांनी मशीनला हातही लावला नाही. आधी मला उभं करून प्रश्न.

"मशीन लावल्यावर तारीख काय दावत व्हतं?"

आठवत म्हणालो, "महिनाभर घड्याळ मागं पडत होतं. गेल्या आठवड्यापासनं एक जानेवारी ऐंशी दाखवतंय. त्याआधी मी नुसता एंटर मारून पुढं जायचो."

"आन् डिस्क दिसंना कवापास्नं?"

"गेल्या आठवड्यापासनंच."

मेजर माझ्याकडे बघत राहिले. मग त्यांनी मशीनचं झाकण काढलं. आत एका बाजूला प्लास्टिकचा छोटा डबा चिकटवलेला होता, त्यात चार पेन्सिल सेल. सेल फुगले होते, टोकांना पांढरी बुरशी. मेजर जमिनीवर मांडी घालून बसले आणि हसायला लागले. त्यांना हसताना मी त्याआधी पाहिलं नव्हतं. खांदे हलत होते, आवाज नव्हता.

"डॉसला काय धाड भरली न्हवती, लेका," ते म्हणाले. "सेल मेलं. मशीन आपली तारीख इसरलं, मंग आपल्या पोटात डिस्क हाय हेबी इसरलं. तू त्येला डॉक्टर आणलास तो चोर निगाला. पन चोर घरात शिरला आन् त्येला बी आतली खोली घावली न्हाई. मशिनीलाच ठावं न्हाई तर त्येला कुठनं घावंल?"

"म्हणजे काठ आहेत?" मास्तरांनी विचारलं.

"थांबा मास्तर. आसं कुनाच्या बोलन्यावर इस्वास ठिवायचा न्हाई. माज्याबी."

नवे सेल कुठे मिळणार, सुट्टीचा दिवस. मास्तर उठले आणि आपला ट्रान्झिस्टर घेऊन आले. त्यातले चार सेल मेजरांनी त्या डब्यात बसवले. डिस्कवरच्या चिठ्ठीवरचे आकडे वाचून मशीनला सांगितले. मग मेणकापडातून त्यांची स्वतःची डॉसची फ्लॉपी निघाली. तिच्यावर त्यांच्या बारीक अक्षरात ती कुठल्या दुकानातून, कुणाच्या हातून, कुठल्या दिवशी घेतली ते सगळं लिहिलेलं होतं. त्या फ्लॉपीवरून मशीन चालू केलं, व्हायरस शोधणारा प्रोग्रॅम अख्ख्या डिस्कवरून फिरवला. वीस मिनिटं लागली. काही सापडलं नाही.

"वाच आता," मेजर म्हणाले.

मी यादी उघडली आणि वाचायला लागलो. मास्तर प्रत्येक काठाला कुणाचं तरी नाव द्यायचे. आईचं, बहिणीचं, शेजारणीचं, मागावर काम करणाऱ्या बाईचं. डॉसला आठच अक्षरं चालत, म्हणून मोठी नावं तोडलेली. मी एकेक नाव म्हणत होतो आणि मास्तर प्रत्येकाला मान हलवत होते, हजेरी घेतल्यासारखी. विसाव्या-पंचविसाव्या नावाला मी सरळ रडायला लागलो. इतकं हलकं मला त्यानंतर आयुष्यात फार थोड्या वेळा वाटलं आहे. उरलेली नावं मेजरांनी वाचली, फौजी आवाजात, एकही न गाळता. मग सगळ्या नमुन्यांच्या तीन प्रती केल्या. एक मास्तरांना, एक कारखान्याला, एक स्वतःच्या पिशवीत.

चहा झाला. परतीची एसटी पाचला होती. मेजर उठले तसे मास्तर म्हणाले, "एक राहिलाय बेटा. आठवडाभर डोक्यात धरून बसलोय. लिहून घे, नाहीतर जाईल."

मी पेन्सिल घेऊन बसलो, पण आकडे चुकायला लागले. मेजरांनी माझ्या हातातून पेन्सिल आणि चौकोनांचा कागद काढून घेतला. "सांगा मास्तर."

"दोन उचल, एक सोड, एक उचल, तीन सोड."

मेजर लिहीत गेले. जन्मभर कानाला यंत्र लावून सिग्नलचे लांब-आखूड आवाज कागदावर उतरवलेला माणूस. मास्तरांनी वेग वाढवला, तरी त्यांनी एकदाही 'परत सांगा' म्हटलं नाही. मधे मास्तर थांबले आणि विचारलं, कुठं शिकला हे? "फौजेत," मेजर म्हणाले. "तिकडं कशाचं काय हाय ते इचारायचं नसतंय. फकस्त बरोबर घ्यायचं." पाचची एसटी गेली. कुणी घड्याळाकडे बघितलं नाही.

मी तो कागद मशीनवर उतरवला. पडद्यावर काठ उभा राहिला. बारीक पानांची दुहेरी वेल, मधे मधे मोकळी जागा सोडलेली.

"कसा दिसतो?" मास्तरांनी विचारलं.

मी सांगणार, तेवढ्यात मेजर बोलले. ते पडद्यासमोर सावधान उभे होते.

"आमची मंडळी आसती तर ह्योच घेतला आसता."

ते एकटे राहतात एवढं मला माहीत होतं. बायको कधी गेली, हे विचारायचं वर्षभरात मला सुचलं नव्हतं.

मास्तर मेजरांच्या आवाजाकडे वळले. मग म्हणाले, "मग नाव तुम्हीच घाला, मेजर."

मी उठलो. मेजर खुर्चीवर बसले. सावकाश, एकेक अक्षर करत त्यांनी नाव टाइप केलं. लहानसं नाव होतं, आठ अक्षरांत सहज मावलं. मग त्यांनी ते मास्तरांना ऐकू जाईल असं मोठ्याने वाचून दाखवलं, आणि मास्तरांनी हजेरी घेतल्यासारखी मान हलवली.